पत्त्यांच्या कारखान्यातला इंजिनियर आणि तुमच्या फोनमधला पिसलेला पोकेमॉन

पोकेमॉन रेड ज्यांनी खेळलाय त्यांना पहिला रस्ता तोंडपाठ असतो. पॅलेट टाउनमधून बाहेर पडलं की गवतातून एकतर पिजी निघतो, नाहीतर रॅटाटा. तिसरं काही नाही. पण हाच गेम रँडमायझरमधून काढून फोनवरच्या एम्युलेटरमध्ये टाकला, की त्याच गवतातून तिसऱ्या लेव्हलचा ड्रॅगोनाइट समोर येऊ शकतो. प्रोफेसर ओकच्या टेबलावरच्या तीन बॉलमध्ये काय असेल याचाही भरवसा नाही. इतका जुना आणि सगळ्यांनी चोथा केलेला गेम पुन्हा नवा होतो.

हे कसं होतं ते पुढे सांगतोच. पण त्याआधी एक साधा प्रश्न. आठ-दहा हजारांच्या ज्या फोनवर आजचे मोठे गेम अडखळत चालतात, त्याच फोनवर गेम बॉयचा गेम मात्र लोण्यासारखा का चालतो? आणि त्या गेमची फाइल उघडून आतली माहिती इकडची तिकडे करणं इतकं सोपं का? मी सॉफ्टवेअरवाला, त्यामुळे आधी मी याचं उत्तर एम्युलेटरच्या कोडमध्ये शोधत होतो. खरं उत्तर एका माणसाच्या सवयीत सापडलं. त्यांचं नाव गुनपेई योकोई. गेम बॉय ज्यांच्या हाताखाली तयार झाला ते हे गृहस्थ, आणि हा लेख मुख्यतः त्यांच्याबद्दल आहे.

मशीन दुरुस्त करणारा माणूस

योकोईंचा जन्म १० सप्टेंबर १९४१ चा, जपानमधल्या क्योटो शहरातला. शिक्षण तिथल्याच दोशिशा विद्यापीठात, इलेक्ट्रॉनिक्समध्ये. मार्क काही फार चांगले नव्हते. मोठ्या कंपन्यांनी घेतलं नाही. आपल्याकडे कॅम्पस प्लेसमेंटच्या शेवटच्या आठवड्यात उरलेल्या मुलांची जी गत होते तसंच काहीसं. मग १९६५ मध्ये त्यांनी गावातल्याच एका कंपनीत नोकरी धरली. कंपनीचं नाव निन्टेंडो.

आता निन्टेंडो म्हटलं की आपल्याला मारिओ आठवतो. पण १८८९ मध्ये सुरू झालेली ही कंपनी तेव्हा पत्ते बनवायची. हानाफुदा नावाचे जपानी पत्ते असतात, फुलापानांच्या चित्रांचे, बारा महिन्यांचे प्रत्येकी चार असे ४८. योकोईंचं काम काय, तर हे पत्ते बनवणारी यंत्रं नीट चालताहेत ना ते बघायचं. इलेक्ट्रॉनिक्सचा पदवीधर आणि काम मेंटेनन्सचं. यंत्रं नीट चालत असली की हाताला काम नसायचं. मग तिथल्याच साधनांवर ते स्वतःसाठी काहीबाही बनवत बसायचे.

असंच एक खेळणं त्यांनी बनवलं होतं. कात्रीसारख्या जोडलेल्या पट्ट्यांचा लांब होणारा हात. इकडून दांडे दाबले की तिकडे लांबवरची वस्तू पकडायची. कंपनीचे अध्यक्ष हिरोशी यामाउची कारखान्यात आले तेव्हा ते त्यांच्या नजरेस पडलं. यामाउची कडक स्वभावाचे म्हणून प्रसिद्ध होते. कामाच्या वेळात खेळत बसलेल्या पोराला घरी पाठवतील असं कुणालाही वाटलं असतं. त्यांनी उलट ते खेळणं विक्रीसाठी तयार करायला सांगितलं. अल्ट्रा हँड या नावानं ते १९६६ मध्ये बाजारात आलं आणि दहा लाखांहून जास्त विकलं गेलं. योकोईंची मेंटेनन्समधून सुटका झाली, ती कायमची.

पुढच्या दहा-बारा वर्षांत त्यांनी जी खेळणी काढली त्यांची यादी मी देत बसत नाही. दोनच सांगतो, कारण पुढचं सगळं त्यात आहे.

एक, १९६९ चं लव्ह टेस्टर. दोघांनी एकमेकांचा हात धरायचा, मोकळ्या हातात एकेक धातूचं टोक पकडायचं, आणि यंत्रावरचा काटा तुमचं प्रेम मोजणार. आत काय होतं? अंगातून जाणारा बारीकसा विद्युतप्रवाह मोजणारं साधं मीटर. कुठल्याही शाळेच्या प्रयोगशाळेत सापडेल असं. मजा मीटरमध्ये नव्हतीच, हात धरायला मिळालेल्या निमित्तात होती.

दुसरं, १९७२ ची लेफ्टी आरएक्स ही रिमोटची गाडी. त्या काळी रिमोटच्या गाड्या फार महाग, कारण डावीकडे, उजवीकडे अशा प्रत्येक हालचालीसाठी वेगळा रेडिओ चॅनल लागायचा. योकोईंनी एकच चॅनल ठेवला. गाडी सरळ जाते, बटण दाबलं की डावीकडे वळते. उजवीकडे वळतच नाही. पण गोल ट्रॅकवर शर्यत लावायची असेल तर उजवीकडे वळायचंय कुणाला? किंमत एकदम खाली आली. इंजिनियरिंगमध्ये एखादं फीचर काढून टाकण्याला इतकं सुंदर उदाहरण मला दुसरं माहीत नाही.

मुरलेलं तंत्रज्ञान

या पद्धतीला योकोईंनी स्वतःच नाव दिलं होतं. त्यातला जपानी शब्द आहे ‘कारेता’, म्हणजे वाळलेलं, सुकलेलं. जे तंत्रज्ञान जुनं झालंय, स्वस्त झालंय, ज्याचे सगळे गुणदोष माहीत झालेत, ते घ्यायचं आणि जिथे कुणी ते वापरायचा विचारही केला नसेल तिथे नेऊन लावायचं. इंग्रजीतून वाचणाऱ्यांना यातलं वाळलेलं हे विशेषण जरा केविलवाणं वाटतं. आपल्याकडे त्यापेक्षा चांगला शब्द आहे, मुरलेलं. लोणच्यासारखं. ताजी कैरी दिसायला छान, पण मुरलेल्या फोडीची चव कशी लागणार ते आधीच ठाऊक असतं.

या विचाराचं पहिलं मोठं फळ म्हणजे १९८० चा गेम अँड वॉच. योकोई एकदा शिन्कान्सेन रेल्वेनं जात होते. शेजारचा एक नोकरदार माणूस वेळ जात नव्हता म्हणून खिशातल्या कॅल्क्युलेटरची बटणं उगाच दाबत बसला होता. मोठी माणसं चारचौघांत खेळणं काढून खेळणार नाहीत, पण लहानसं, हातात लपेल असं यंत्र असेल तर खेळतील, हे योकोईंना तिथे सुचलं. योगायोग असा की तेव्हा शार्प आणि कॅसिओ यांची कॅल्क्युलेटरवरून जोरदार मारामारी चालू होती, आणि त्यात एलसीडी पडदे पार स्वस्त झाले होते. निन्टेंडोला तेच हवे होते. कोपऱ्यात घड्याळ, मधे एक खेळ. १९९१ पर्यंत हे यंत्र ४ कोटी ३४ लाख विकलं गेलं.

गेम अँड वॉचचा पडदा कॅल्क्युलेटरसारखा होता हे लक्षात घ्या. कॅल्क्युलेटरमध्ये आठाचा आकडा सात काड्यांचा बनतो, त्या काड्यांच्या जागा ठरलेल्या. पेटायचं की विझायचं एवढंच. तसंच इथे उडी मारणारा माणूस, पडणारा बॉल, सगळी चित्रं काचेतच कोरलेली. म्हणून गेम अँड वॉचला आपण म्हणतोय तसा रँडमायझर लावता येत नाही. पिसायला पत्तेच सुटे नाहीत!

१९८२ मध्ये याच मालिकेत डाँकी काँग आला, पुस्तकासारखा मिटणारा. मिटणाऱ्या यंत्रावर दांड्याची जॉयस्टिक बसणार कशी? मग योकोईंनी चार दिशांना दाबता येणारं, अधिक चिन्हाच्या आकाराचं सपाट बटण केलं. आज तुम्ही फोनवर कुठलाही जुन्या गेमचा एम्युलेटर उघडा, पडद्याच्या डाव्या बाजूला तेच अधिक चिन्ह काढलेलं असतं. आमच्या लहानपणी जत्रेत आणि खेळण्यांच्या दुकानात मिळणारे ते चायनीज टीव्ही गेम आठवतात? नऊ हजार नऊशे नव्व्याण्णव गेम लिहिलेली पिवळी कॅसेट आणि प्रत्यक्षात आत पाच-सहाच गेम? त्याच्या रिमोटवरही डाव्या अंगठ्याखाली तेच बटण होतं. योकोई हे नाव न ऐकता आपण सगळे त्यांच्याच बटणावर वाढलो.

करड्या रंगाचं यंत्र

गेम बॉय जपानमध्ये २१ एप्रिल १९८९ ला आला, किंमत १२,५०० येन. योकोई तेव्हा निन्टेंडोच्या संशोधन विभाग क्रमांक एकचे प्रमुख होते. इथे एका माणसाला श्रेय द्यायलाच हवं. हार्डवेअरची बाजू त्यांचे सहकारी सतोरू ओकादा यांनी सांभाळली, आणि हे यंत्र गेम अँड वॉचची पुढची आवृत्ती न राहता कॅसेट बदलून कितीही गेम खेळता येतील असं असावं, हा आग्रह ओकादांचा होता. कॅसेट नसती तर रॉम फाइल नसती, आणि रॉम फाइल नसती तर रँडमायझर नसता. त्यामुळे माझ्या मते आपल्या मजेचं निम्मं श्रेय ओकादांचं.

उरलेलं निम्मं मात्र पक्कं योकोईंचं. पडदा १६० बाय १४४ ठिपक्यांचा. रंग नाहीत, हिरवट पार्श्वभूमीवर चार छटा. पडद्यामागे दिवा नाही. आठ बिटचा प्रोसेसर, सेकंदाला साधारण ४२ लाख ठोके. कामाची मेमरी ८ केबी. तुमच्या फोनमध्ये ४ जीबी रॅम असेल तर ती याच्या पाच लाख पटींहून जास्त झाली. १९८९ च्या मानानंसुद्धा हे जुनाटच होतं. त्याच वर्षी अटारीनं लिंक्स काढला, रंगीत आणि दिवा असलेला. पुढच्या वर्षी सेगाचा गेम गियर आला, तोही रंगीत. कागदावर दोघांनीही गेम बॉयला धूळ चारली होती.

पण लिंक्स आणि गेम गियरला सहा पेन्सिल सेल लागायचे आणि ते चार-पाच तासांत संपायचे. गेम बॉयला चार सेल लागायचे आणि तो त्यांच्यावर दहा-पंधरा तास आरामात निघायचा. किंमत कमी, खाली पडला तरी चालू. शाळकरी मुलाच्या खिशातल्या पैशांत सेल बसले पाहिजेत, हा हिशेब योकोईंनी केला होता. रंगांचं काम मन करतं, असं त्यांचं मत होतं. सगळं सुरळीत झालं असंही नाही. सुरुवातीला निवडलेला पडदा जरा तिरका धरला की काही दिसायचंच नाही. यामाउचींनी तो नाकारला आणि योकोईंची झोप उडाली. शेवटी पडदा बदलावा लागला. पुढे गेम बॉय आणि गेम बॉय कलर मिळून ११ कोटी ८६ लाखांहून जास्त यंत्रं विकली गेली. लिंक्स आज किती जणांना आठवतो?

आता सुरुवातीच्या प्रश्नाकडे येऊ. एम्युलेटर म्हणजे काय, तर एका यंत्राची हुबेहूब नक्कल करणारा प्रोग्राम. मूळ प्रोसेसरला ज्या सूचना कळतात त्या एकेक करून वाचायच्या आणि तसंच वागायचं. मी कॉलेजच्या शेवटच्या वर्षी हौस म्हणून गेम बॉयचा एम्युलेटर लिहायला घेतला होता. सूचना एकूण पाचशेच्या आसपास, त्यातल्या निम्म्या एकमेकींच्या बहिणी शोभतील अशा. एका सूचनेचा कोड लिहिला की पुढच्या सात कॉपी-पेस्ट. एकटा विद्यार्थी सुट्टीत बसून हे करू शकतो, कारण त्या यंत्रात लपवाछपवी नाही. १९८९ मध्येच सगळ्यांना पाठ झालेले भाग वापरले होते ना! पडद्याचे ठिपके २३,०४०; आजच्या १०८० बाय २४०० च्या फोनवर त्याच्या शंभरपटीहून जास्त असतात. फोनचा प्रोसेसर हे काम करताना जांभया देत असणार.

पत्ते पिसायला घेऊ या

पोकेमॉन रेड आणि ग्रीन जपानमध्ये २७ फेब्रुवारी १९९६ ला आले, गेम बॉय सात वर्षांचा म्हातारा झाला असताना. बनवणारे सातोशी ताजिरी, लहानपणी किडे पकडण्याचा नाद असलेले. गेम बॉयच्या बाजूला एक छोटं छिद्र होतं, केबल लावून दोन यंत्रं जोडण्यासाठी. टेट्रिससारख्या गेममध्ये दोघांनी एकमेकांविरुद्ध खेळायला ते वापरलं जायचं. ताजिरींना त्या केबलवरून किडे चालत पलीकडे जाताना दिसले, आणि अदलाबदलीचा गेम सुचला. पुन्हा तीच गोष्ट, लव्ह टेस्टरची. दोन माणसं आणि मधे एक तार.

या गेमची परदेशी आवृत्ती १ एमबीची आहे. व्हॉट्सअॅपवर येणारा गुड मॉर्निंगचा व्हिडिओ याहून मोठा असतो. गेम बॉयला एका वेळी रॉमचं ३२ केबीच दिसतं, म्हणून हा १ एमबी १६ केबीच्या ६४ पानांत विभागलाय. एक पान कायम उघडं आणि दुसरं लागेल तसं उलटायचं. कुठल्या पानावर काय आहे ते आज नेमकं माहीत आहे, कारण चाहत्यांनी वर्षानुवर्षं खपून अख्खा गेम उलगडून वाचता येईल अशा रूपात लिहून काढलाय.

गवतातले पोकेमॉन कसे साठवलेत बघा. प्रत्येक भागासाठी एक बाइट सांगतो की गाठ पडण्याची शक्यता किती. त्यानंतर दहा जोड्या: एक बाइट लेव्हलचा, एक बाइट पोकेमॉनच्या क्रमांकाचा. झालं, एकवीस बाइटमध्ये अख्ख्या रस्त्यावरचं गवत. पहिल्या दोन जोड्या निघण्याची शक्यता प्रत्येकी साधारण २० टक्के, शेवटच्या जोडीची एक टक्का. रँडमायझर यातल्या लेव्हलला हात न लावता पोकेमॉनचा क्रमांक तेवढा बदलतो. म्हणून तिसऱ्या लेव्हलचा ड्रॅगोनाइट.

फक्त १ ते १५१ मधला कुठलाही आकडा टाकून भागत नाही. गेमच्या पोटात पोकेमॉनचे क्रमांक पोकेडेक्सप्रमाणे नाहीतच. आतल्या यादीत १९० जागा आहेत आणि पहिल्या जागेवर बल्बासोर नसून रायडॉन आहे. १९० पैकी १५१ खऱ्या, उरलेल्या ३९ रिकाम्या, ज्यांना आपण मिसिंगनो या नावानं ओळखतो. रँडमायझरला या रिकाम्या जागा चुकवाव्या लागतात.

मी युनिव्हर्सल पोकेमॉन रँडमायझर वापरतो. जावा लागतं, त्यामुळे हे काम लॅपटॉपवर करून तयार झालेली फाइल फोनवर घेतो. त्यात गवतासाठी वेगवेगळे पर्याय असतात आणि ते समजायला पत्त्यांसारखं दुसरं उदाहरण नाही. पूर्ण रँडम म्हणजे कॅटमधून एक पत्ता काढायचा, बघायचा, परत आत टाकायचा. एकच पत्ता दहा वेळा येऊ शकतो आणि एखादा कधीच येत नाही. दुसरा पर्याय अख्ख्या गेमभर एकास एक: १५१ पत्ते नीट पिसायचे आणि मूळ प्रत्येक पोकेमॉनच्या जागी एकेक वाटायचा. पिजीच्या जागी गेंगार आला, तर जिथे जिथे पिजी होता तिथे सगळीकडे गेंगार. मला हा दुसरा जास्त आवडतो. नवा नकाशा हळूहळू पाठ होतो आणि डोकं चालवायला मिळतं. पहिल्यात नुसतं नशीब.

पिसण्याच्या पद्धतीला एक सीड असते, म्हणजे सुरुवातीचा आकडा. तीच सीड, त्याच सेटिंग्ज आणि रँडमायझरची तीच आवृत्ती वापरली की दुसऱ्याच्या कॉम्प्युटरवरही हुबेहूब तोच गेम तयार होतो. मित्रामित्रांत शर्यत लावायची तर हे फार उपयोगी.

पण सगळंच पिसून चालत नाही. वाटेतलं झाड कापायला कट ही मूव्ह लागते, पाण्यावरून जायला सर्फ. कुठल्या पोकेमॉनला काय शिकता येतं हेही पिसलं आणि हाती लागलेल्या एकालाही सर्फ येत नसेल, तर किनाऱ्यावर बसून राहा. म्हणून या मूव्ह सगळ्यांना शिकता येतील असा पर्याय असतो. तो चालू ठेवा. तसाच एक पर्याय उत्क्रांतीचा. काडाब्रा, मशोक, ग्रॅव्हलर आणि हाँटर हे चौघं केबलवरून दुसऱ्याकडे पाठवल्याशिवाय पुढच्या रूपात जातच नाहीत. एकटा माणूस फोनवर खेळताना पाठवणार कुणाला? मग रँडमायझर तो नियम बदलून ठरावीक लेव्हल झाली की उत्क्रांती होईल असं करतो. सोय म्हणून उत्तम आहे. पण योकोईंच्या यंत्राचा सगळा पसारा या एका टिकमार्कपाशी थोडा मार खातो, असं मला दर वेळी वाटतं. प्रोसेसरची नक्कल झाली, पडद्याची झाली, आवाजाची झाली. शेजारी केबल धरून बसलेल्या मित्राची कशी करणार?

तांत्रिक गोष्टीत आणखी एक. गेम बॉय चालू होताना कॅसेटच्या सुरुवातीचे काही बाइट मिळवून बेरीज जुळते का ते पाहतो. जुळली नाही तर पुढे जात नाही. अख्ख्या कॅसेटची बेरीजही आत लिहिलेली असते, पण ती तो तपासतच नाही. म्हणजे मधल्या पानांत केलेले बदल यंत्राला खुपत नाहीत.

आणि हो, रॉम फाइल इंटरनेटवरून उतरवून घेणं हे कॉपीराइटचं उल्लंघन आहे. रँडमायझरमध्ये गेम येत नाही, तो तुम्हीच द्यायचा असतो. मी सेकंडहँड कॅसेट विकत घेऊन यूएसबी रीडरनं तिची फाइल काढली. महाग पडतं, पण जुन्या कॅसेटमधला सेव्ह जपणारा सेल कधीतरी मरतोच, त्याआधी जुना सेव्ह उतरवून ठेवता आला हाही एक फायदा.

लाल पडदा

पोकेमॉन येण्याच्या आदल्या वर्षी योकोईंच्या आयुष्यातली सगळ्यात मोठी फजिती झाली. व्हर्च्युअल बॉय, २१ जुलै १९९५. स्टँडवर ठेवलेल्या चष्म्यासारख्या यंत्रात डोळे घालायचे आणि आत खोली असलेलं चित्र दिसणार. रंग एकच, लाल, कारण लाल एलईडी सगळ्यात स्वस्त आणि कमी वीज खाणारे. म्हणजे मुरलेल्या तंत्रज्ञानाचा नियम इथेही पाळला होता. पण लोकांची डोकी दुखली, माना अवघडल्या. एकूण २२ गेम आले, सुमारे ७ लाख ७० हजार यंत्रं विकली गेली आणि वर्षाच्या आत दुकान बंद.

बरेच जण म्हणतात की यंत्र पूर्ण तयार नसताना घाईनं बाजारात आणलं. असेल. मला दुसरंच कारण दिसतं. लव्ह टेस्टर दोघांचा, गेम बॉय खिशातला, कुणीही डोकावून बघावं असा. व्हर्च्युअल बॉय मात्र डोकं आत खुपसून एकट्यानं खेळायचं यंत्र. शेजारच्याला काही दिसतच नाही. स्वस्त भाग होते, पण ते ठेवायची जागा चुकली. योकोईंनी इतकी वर्षं जागाच तर अचूक निवडली होती.

त्यानंतर त्यांनी गेम बॉयची लहान आवृत्ती, गेम बॉय पॉकेट, पूर्ण केली. ती जुलै १९९६ मध्ये आली आणि ऑगस्टमध्ये, एकतीस वर्षांच्या नोकरीनंतर, योकोईंनी निन्टेंडो सोडली. व्हर्च्युअल बॉयमुळे काढलं, अशी चर्चा झाली. त्यांनी स्वतः हे नाकारलं. पन्नाशीनंतर स्वतःचं काहीतरी करायचं हे आधीच ठरलं होतं, असं त्यांचं म्हणणं होतं. क्योटोतच त्यांनी कोतो नावाची छोटी कंपनी काढली. इकडे पोकेमॉन तोंडातोंडी पसरत होता. ज्या करड्या यंत्राचे दिवस संपले असं सगळे धरून चालले होते ते पुन्हा विकलं जाऊ लागलं.

४ ऑक्टोबर १९९७ ला इशिकावा प्रांतातल्या होकुरिकू द्रुतगती मार्गावर योकोई बसलेली गाडी पुढच्या ट्रकला धडकली. धडक किरकोळ होती. काय झालं ते बघायला ते खाली उतरले आणि मागून आलेल्या दुसऱ्या गाडीनं त्यांना उडवलं. वय ५६. पोकेमॉन अमेरिकेत पोचायला अजून एक वर्ष होतं.

कोतोमध्ये ते बांदाई कंपनीसाठी एका नव्या हँडहेल्डवर काम करत होते. वंडरस्वान नावानं तो मार्च १९९९ मध्ये आला. पडदा पुन्हा काळा-पांढरा, किंमत ४,८०० येन, आणि सेल फक्त एक. त्या एका पेन्सिल सेलवर तीस तास. यंत्र आडवंही धरता येतं आणि उभंही. त्याच्यासोबत एक कोड्याचा गेम आला, तुकड्या तुकड्यांच्या रेषा वरखाली सरकवून डावीकडून उजवीकडे अखंड रेघ जुळवायचा, आणि त्याला योकोईंच्या नावावरूनच गनपे असं नाव दिलंय. वंडरस्वानचे एम्युलेटर फोनवर मिळतात. खेळून बघणार असाल तर ऑटो-रोटेट बंद करा, कारण गनपे उभा धरून खेळायचा गेम आहे.